जीव टांगणीला लागतो तेव्हा : ‘सस्पेन्स’ (१९१३) हा मूकपट आणि उत्कंठेचा इतिहास

१

३ डिसेंबर १९१३ रोजी ‘न्यू यॉर्क ड्रॅमॅटिक मिरर’ या नाट्यव्यवसायाच्या नियतकालिकात एक जाहिरात प्रसिद्ध झाली. बायोग्राफ कंपनीतून नुकतेच बाहेर पडलेले दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांची ती होती. चित्रपटाच्या तंत्रात आपण कोणकोणत्या गोष्टी प्रथम आणल्या याची यादीच तीत दिलेली होती. पात्रांची मोठी समीपदृश्ये, दूरची विस्तीर्ण दृश्ये, दोन स्थळांमध्ये आलटून पालटून जाणारे संकलन, दृश्य हळूहळू काळोखात विरवण्याची पद्धत, अभिनयातील संयम, आणि या सर्वांच्या पंगतीला ‘टिकवून धरलेला सस्पेन्स’. समीपदृश्यावर किंवा संकलनाच्या एखाद्या रीतीवर कोणी तंत्र म्हणून हक्क सांगावा हे समजू शकते. उत्कंठा ही मात्र प्रेक्षकाच्या मनाची अवस्था होय. तिचीही गणना शोधांच्या यादीत व्हावी, ही घटना चित्रपटाच्या इतिहासलेखनाच्या दृष्टीने अर्थपूर्ण आहे.

या जाहिरातीच्या पाच महिने आधी, ६ जुलै १९१३ रोजी, युनिव्हर्सल कंपनीच्या ‘रेक्स’ या शाखेने एका रिळाचा एक मूकपट प्रदर्शित केला होता. त्याचे नावच ‘सस्पेन्स’ असे होते. लांबी सुमारे दहा मिनिटे. कथा लोइस वेबर यांची, दिग्दर्शन वेबर आणि त्यांचे पती फिलिप्स स्मॉली यांचे, आणि पत्नीची मध्यवर्ती भूमिकाही वेबर यांचीच. पुढे दीर्घकाळ चित्रपटाच्या रूढ इतिहासांतून हा मूकपट जवळजवळ दिसेनासा झाला, आणि उत्कंठेच्या तंत्राचे जनकत्व जाहिरातीत म्हटल्याप्रमाणे ग्रिफिथ यांच्याकडेच राहिले.

प्रस्तुत निबंधाचा हेतू जनकत्वाचा दावा एकाकडून काढून दुसऱ्याकडे सोपवण्याचा नाही. ‘सस्पेन्स’मध्ये उत्कंठा कशी घडते हे बारकाईने पाहिले, तर तिचे मूळ संकलनाच्या वेगापेक्षा ज्ञानाच्या वाटपात आहे असे दिसते. कोणाला काय ठाऊक आहे, कोणाला ते केव्हा कळते, आणि कोणाला ते कळूनही काही करता येत नाही, या प्रश्नांभोवती हा मूकपट रचलेला आहे. या वाटपाबरोबर सहानुभूतीचेही वाटप होत असते, आणि ते समान नसते. तंत्रांची यादी करणाऱ्या इतिहासाच्या नजरेतून नेमकी हीच गोष्ट सुटते.

२

‘सस्पेन्स’ची कथा वेबर यांनी नव्याने निर्माण केलेली नाही. तिचे मूळ आंद्रे द लोर्द आणि शार्ल फोले यांच्या ‘ओ तेलेफोन’ (१९०१) या दोन अंकी फ्रेंच नाटकात आहे. द लोर्द हे पॅरिसच्या ‘ग्रां गिन्योल’ या भयनाट्याच्या रंगभूमीशी निगडित असलेले लेखक. आडबाजूच्या घरात पत्नी व मूल यांना ठेवून पती दूर जातो. दुसऱ्या अंकात तो दूरध्वनीवर त्यांच्याशी बोलत असतानाच घरात मारेकरी शिरतात. त्यांचा अंत त्याला केवळ ऐकावा लागतो. सुटका नाही, पाठलाग नाही, शेवटच्या क्षणी पोचणे नाही.

या कल्पनेचे चित्रपटांनी झपाट्याने अनुकरण केले. एडविन एस. पोर्टर यांचा ‘हर्ड ओव्हर द फोन’ (१९०८), पाथे कंपनीचा ‘ल मेदसँ द्यु शातो’ (१९०८), ग्रिफिथ यांचा ‘द लोनली व्हिला’ (१९०९), वेबर-स्मॉली यांचा ‘सस्पेन्स’ आणि रशियात याकोव्ह प्रोताझानोव्ह यांचा ‘ड्रामा उ तेलेफोना’ (१९१४) अशी ही परंपरा आहे. चित्रपट-अभ्यासक टॉम गनिंग यांनी १९९१ मध्ये या परंपरेचा मागोवा घेताना, तिच्या मुळाशी दूरध्वनीसारख्या नव्या साधनाविषयीची भीती असल्याचे दाखवून दिले. अंतर नाहीसे करण्याचे आश्वासन देणारे यंत्र ऐन वेळी अंतराचीच जाणीव तीव्र करते, हा त्या भीतीचा गाभा.

येथे माध्यमांतरामुळे घडणारा एक मूलभूत बदल लक्षात घ्यावयास हवा. नाटकाच्या दुसऱ्या अंकात प्रेक्षक पतीच्या खोलीत अडकलेला असतो. घरात काय चालले आहे ते त्याला पतीच्या चेहऱ्यावरून आणि उद्गारांवरून ताडावे लागते. प्रेक्षक आणि पती यांचे अज्ञान एकाच मापाचे असते. मूकपटाला आवाज नाही. म्हणजे ज्या आधारावर मूळ नाटक उभे आहे तोच आधार त्याच्यापाशी नाही. उलट घराचे आतले आणि बाहेरचे दृश्य दाखवण्याची मोकळीक त्याला आहे. परिणामी प्रेक्षक पतीच्या पुढे जातो, पत्नीच्याही पुढे जातो. जे नाटकात ऐकून कळत होते ते येथे पाहून आधीच कळते. मूकपटातील दूरध्वनी प्रेक्षकाला काही सांगत नाही. आपल्याला जे ठाऊक आहे ते पात्रांना केव्हा ठाऊक होते, एवढेच तो दाखवतो.

३

‘सस्पेन्स’ या शब्दाचे मूळ लॅटिनमध्ये आहे, आणि तेथे त्याचा अर्थ ‘टांगणे’ असा होतो. मराठीत आपण त्यासाठी ‘उत्कंठा’ हा प्रतिशब्द वापरतो. संस्कृतात या शब्दाचा भर विरहातील ओढीवर आहे. मान उंचावून वाट पाहण्याची प्रतिमा त्यात दडलेली आहे. इंग्रजी शब्दाला अधिक जवळचा असा प्रयोग बोलीतच सापडतो : ‘जीव टांगणीला लागणे’. वाट पाहणाऱ्याला निदान पायाखाली जमीन असते. टांगणीला लागलेल्या जिवाला तीही नसते, आणि दोर दुसऱ्याच्या हाती असतो.

अनुभवाच्या पातळीवर ही अवस्था एकजिनसी नाही. नाट्यशास्त्रातील तेहतीस व्यभिचारी भावांमध्ये शंका, त्रास, चिंता, आवेग, औत्सुक्य आणि वितर्क यांची वेगवेगळी गणना आहे. आज आपण ज्याला सस्पेन्स म्हणतो तो या भावांच्या येण्याजाण्यातून, त्यांच्या क्रमातून सिद्ध होतो. भयानकाच्या परिपोषासाठी विभाव प्रत्यक्ष समोर असावा लागतो. येथे मात्र तो अर्धवट दिसतो, दाराआड जातो, पुन्हा दिसतो.

आधुनिक निवेदनमीमांसेने हाच प्रश्न ज्ञानाच्या अंगाने मांडला. रोलां बार्थ यांनी ‘एस/झेड’ (१९७०) मध्ये कोड्याची मांडणी, त्याची दिरंगाई आणि त्याचा उलगडा यांना स्वतंत्र संकेतव्यवस्थेचा दर्जा दिला. जेरार जेनेत यांनी १९७२ मध्ये ‘कोण बोलतो’ आणि ‘कोण पाहतो’ हे दोन प्रश्न एकमेकांपासून वेगळे केले. आल्फ्रेड हिचकॉक यांनी फ्रांस्वा त्रुफो यांच्याशी केलेल्या प्रसिद्ध संभाषणात धक्का आणि उत्कंठा यांतील फरक टेबलाखालच्या बाँबच्या उदाहरणाने स्पष्ट केला. बाँब आहे हे प्रेक्षकाला ठाऊक नसेल, तर स्फोटाच्या क्षणापुरता धक्का. ते ठाऊक असेल आणि पात्रांना नसेल, तर साधे बोलणेही असह्य होते. अर्थात प्रेक्षकाचे अधिक जाणणे ही उत्कंठेची अट आहे. ‘सस्पेन्स’ ही अट पाळतोच, परंतु तेथे थांबत नाही.

४

मूकपटाचा आरंभ मोलकरणीपासून होतो. या एकाकी घरात नोकरी करणे तिला नकोसे झाले आहे. ती चिठ्ठी लिहून ठेवते, आणि निघण्यापूर्वी किल्लीच्या भोकातून आत डोकावते. आत मालकीण तान्ह्या मुलाशी रमलेली आहे. मोलकरीण काही न बोलता मागच्या दाराने बाहेर पडते आणि किल्ली पायपुसण्याखाली ठेवते. येथे दोन गोष्टी घडतात. पहिली चोरटी नजर भटक्या चोराची नसून घरातल्याच एका बाईची आहे. आणि घर असुरक्षित झाले हे प्रेक्षकाला मालकिणीच्या आधी कळते. पुढील सारे प्रसंग या पहिल्या विषमतेतून निघतात.

यानंतर पतीचा दूरध्वनी येतो, कामामुळे उशीर होणार असे तो कळवतो. घराच्या आसपास एक भटक्या घोटाळू लागतो. या टप्प्यावर, अभ्यासकांचे लक्ष सर्वाधिक वेधून घेणारी रचना येते. पडदा तीन त्रिकोणांत विभागला जातो. मधल्या त्रिकोणात कचेरीतील पती, उरलेल्या दोन कोपऱ्यांपैकी एकात दूरध्वनीवर बोलणारी पत्नी आणि दुसऱ्यात घराशी येऊन ठेपलेला भटक्या.

ही रचना अपूर्व नव्हती. दूरध्वनीवरील संभाषण एकाच चौकटीत दाखवण्यासाठी पोर्टर यांनी ‘कॉलेज चम्स’ (१९०७) मध्ये विभागलेला पडदा वापरला होता. डेन्मार्कच्या ‘द व्हाइट स्लेव्ह ट्रेड’ (१९१०) मध्ये तो तीन भागांचा झाला होता. रेक्स कंपनी मुळात पोर्टर यांनीच काढलेली, आणि ते बाहेर पडल्यावर तिची सूत्रे वेबर-स्मॉली यांच्याकडे आली, हे येथे ध्यानात ठेवण्यासारखे आहे. फरक पडतो तो तिसऱ्या कोपऱ्याच्या उपयोगात. विभागलेला पडदा येथवर प्रामुख्याने तारेच्या दोन टोकांना जोडण्यासाठी होता. वेबर तारेवर नसलेल्या माणसाला त्याच चौकटीत आणून बसवतात. पती आणि पत्नी एकमेकांना ऐकतात, पाहू शकत नाहीत. भटक्या त्या दोघांच्या संभाषणाबाहेर आहे, तरीही त्याच क्षणाचा भागीदार आहे. त्रिकोणांच्या कडा पात्रांच्या दृष्टीने भिंती आहेत आणि आपल्या दृष्टीने खिडक्या.

समांतर संकलनाशी तुलना केली म्हणजे या रचनेचे वैशिष्ट्य उमगते. ‘द लोनली व्हिला’मध्ये घर, चोर आणि पती आळीपाळीने समोर येतात. एक दिसताना दुसरा दिसत नाही, आणि त्या न दिसण्यातून घाई निर्माण होते. तीन त्रिकोणांत न दिसण्याला जागाच नाही. सारे काही एकदम ठाऊक आहे आणि कोणालाही काही सांगता येत नाही. प्रेक्षकाचे जाणणे पूर्ण होते त्या क्षणी त्याची असहायताही पूर्ण होते. वेगाने निर्माण होणारी आतुरता आणि ज्ञानाने निर्माण होणारी टांगणी या दोन भिन्न गोष्टी असल्याचे येथे प्रत्ययास येते.

यानंतरचा महत्त्वाचा क्षण खिडकीचा आहे. पत्नी वरच्या खिडकीतून खाली पाहते. कॅमेरा थेट वरून भटक्याच्या डोक्यावर रोखलेला असतो, आणि तो मान वर करून सरळ आपल्याकडे पाहतो. येथवर तिला त्याच्याविषयी कळत होते. आता तिला कळले आहे हे त्यालाही कळते. भीतीचे रूप या देवाणघेवाणीत बदलते. घटनाप्रधान उत्कंठा मनोव्यापाराच्या पातळीवर जाते ती येथे. मूकपटाजवळ स्वगत नाही, लिखित पाट्याही मोजक्या आहेत. मन दाखवण्याचे त्याचे साधन नजर हेच आहे, आणि परतून आलेली नजर हे त्याचे टोक.

भटक्या तार तोडतो. बोलणे अर्ध्यावर तुटते. पत्नी मुलासह वरच्या खोलीत स्वतःला कोंडून घेते, दारामागे सामान सरकवते. तो स्वयंपाकघरातून वर निघतो. जिन्यावरच्या दृश्यात तो पायरी पायरीने कॅमेऱ्याच्या दिशेने येतो, आणि अखेर त्याचा चेहरा चौकट व्यापून टाकतो. हे दृश्य कोणाच्या डोळ्यांनी पाहिलेले आहे? खिडकीतून दिसलेले दृश्य पत्नीचे होते. जिन्यावर मात्र कोणीच नाही; पत्नी बंद दारामागे आहे. जेनेत यांचा ‘कोण पाहतो’ हा प्रश्न येथे विचारला, तर त्याला पात्रांपैकी कोणाचेही नाव उत्तर म्हणून देता येत नाही. ती जागा रिकामी आहे आणि तेथे प्रेक्षकाला उभे केलेले आहे. आतापर्यंत अधिक जाणणे हा त्याचा विशेषाधिकार होता. आता त्या जाणण्याची किंमत म्हणून धोका त्याच्याच अंगावर चालून येतो.

५

येथपर्यंतचे विवेचन रूपाविषयी झाले. परंतु ज्ञानाचे वाटप हे निव्वळ रूपाचे प्रकरण नसते.

तार तुटताच पती कचेरीबाहेर धावतो आणि रस्त्यावर उभी असलेली दुसऱ्याची मोटार घेऊन सुटतो. मोटारीचा मालक आणि पोलीस दुसऱ्या गाडीतून त्याच्या मागे लागतात. मोटारीच्या आरशात मागून येणारे पाठलाग करणारे दिसतात. पुढे जाणारा रस्ता आणि मागचा धोका एकाच चौकटीत येतात. वाटेत एका माणसाला मोटारीचा धक्काही लागतो. इकडे घरात भटक्याने पायपुसण्याखालची किल्ली वापरून दार उघडले आहे. आत आल्यावर तो काय करतो? स्वयंपाकघरात त्याला जे मिळते ते तो खातो, आणि मग तेथील सुरी उचलतो.

या दोन हालचाली शेजारी शेजारी ठेवून पाहाव्यात. दोघेही परक्याच्या मालमत्तेत शिरले आहेत, दोघांनाही परवानगी नाही, दोघेही सापडले तर पकडले जाणार आहेत. समांतर संकलन या दोघांना आळीपाळीने दाखवते आणि नकळत त्यांच्यातील साम्य उभे करते. शेवटी पती आणि त्याचा पाठलाग करणारे जवळजवळ एकदमच घराशी पोचतात. म्हणजे पोलीस घराशी येतात ते घरावरील संकटाची वर्दी मिळाल्यामुळे नव्हे, तर मोटारीच्या चोरीमुळे. भटक्या पकडला जातो. पतीच्या चोरीचे कारण उलगडताच तिचा दोष उरत नाही. एकाचे अतिक्रमण कुटुंबरक्षणाच्या नावाने माफ होते, दुसऱ्याचे होत नाही. त्याच्या भुकेची नोंद कॅमेऱ्याने घेतली, कथेने घेतली नाही.

यामागे काळाचा संदर्भ आहे. १८७३च्या आर्थिक अरिष्टानंतर अमेरिकेत कामधंद्यावाचून गावोगाव हिंडणाऱ्यांची संख्या वाढली, आणि अनेक राज्यांनी अशा भटकण्यालाच गुन्हा ठरवणारे कायदे केले. नियतकालिकांतून आणि पुढे चित्रपटांतून ‘ट्रॅम्प’ ही आकृती कधी विनोदाचा, कधी भयाचा विषय झाली. १९१४ पासून चार्ली चॅप्लिन यांनी तिला जे रूप दिले ते सर्वपरिचित आहे. ‘सस्पेन्स’मध्ये ती भयाची आकृती आहे. तिला नाव नाही, पूर्ववृत्त नाही. सॅम कॉफमन या नटाने तिला दिलेले शरीर आणि चेहरा एवढेच तिच्यापाशी आहे.

मोलकरणीचेही तसेच आहे. ग्रिफिथ यांच्या ‘अॅन अनसीन एनिमी’ (१९१२) मध्ये घरकाम करणारी बाई स्वतःच कटात सामील असते. वेबर यांची मोलकरीण गुन्हेगार नाही. तिला एकटेपणा सोसत नाही, इतकेच. मात्र मालकिणीचे एकटेपण ही कथा होते आणि मोलकरणीचे एकटेपण ही त्या कथेची सबब. किल्ली तिच्या हातात असेपर्यंत घर सुरक्षित होते. ती गेली आणि भिंती निरुपयोगी झाल्या. मध्यमवर्गीय घराची निश्चिंतता जिच्या श्रमांवर उभी आहे, ती बाई पहिल्या काही मिनिटांतच चौकटीबाहेर जाते.

वेबर यांना हे प्रश्न ठाऊक नव्हते असे म्हणता येत नाही. १८७९ मध्ये जन्मलेल्या वेबर तरुणपणी चर्चच्या वतीने गरीब वस्त्यांतून काम करीत. पुढे ‘शूज’ (१९१६) मध्ये त्यांनी तुटपुंज्या पगारावर घर चालवणाऱ्या, एका बुटांच्या जोडासाठी स्वतःला गमावून बसणाऱ्या दुकान-कामगार मुलीची कथा सांगितली, आणि ‘द ब्लॉट’ (१९२१) मध्ये पांढरपेशा दारिद्र्याची. त्या प्रकाशात ‘सस्पेन्स’मधील खाण्याचा प्रसंग पाहिला, तर तो केवळ विलंब वाढवण्याची युक्ती वाटत नाही. त्याच वेळी, दहा मिनिटांच्या या मूकपटाची रचना त्या भुकेला कथेत जागा देत नाही, हेही नाकारता येत नाही. उत्कंठेच्या साच्याला एक परका हवाच असतो. ज्याच्या मनात शिरावे लागत नाही असा. पत्नीची नजर आपल्याला मिळते, पतीचा आरसाही मिळतो. भटक्याचा केवळ चेहरा मिळतो, आणि तोही आपल्यावर चालून येणारा.

६

आता आरंभीच्या जाहिरातीकडे वळता येईल. शोधांच्या यादीवर इतिहास उभारला की प्रत्येक तंत्राला एक मालक लागतो. १९३९ साली प्रसिद्ध झालेल्या लुइस जेकब्ज यांच्या अमेरिकन चित्रपटाच्या प्रभावी इतिहासात मेल्येस, पोर्टर, ग्रिफिथ असा विकासाचा क्रम मांडला गेला, आणि तो पुढे पाठ्यपुस्तकांतून दृढ झाला. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये वेबर यांचे निधन झाले. १९१४ मध्ये ‘द मर्चंट ऑफ व्हेनिस’ करून पूर्ण लांबीचा चित्रपट दिग्दर्शित करणारी पहिली अमेरिकन स्त्री ठरलेल्या या दिग्दर्शिकेला त्या क्रमात जागा नव्हती. १९७८ मध्ये ब्रायटन येथे भरलेल्या चित्रपट-संग्रहालयांच्या परिषदेनंतर आरंभीच्या चित्रपटांचे प्रत्यक्ष पुनर्दर्शन सुरू झाले. अँथनी स्लाइड आणि पुढे शेली स्टॅम्प यांनी वेबर यांच्या कार्याची नव्याने मांडणी केली. २०२० मध्ये ‘सस्पेन्स’चा समावेश अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट-सूचीत झाला.

ही दुरुस्ती आवश्यक होती. परंतु ती ‘पहिला कोण’ या प्रश्नाचे उत्तर बदलण्यापुरती राहिली, तर जुन्या इतिहासाची चौकट तशीच राहते. अमेरिकेतील पूर्ण लांबीच्या मूकपटांपैकी जेमतेम १४ टक्के मूळ स्वरूपात शिल्लक असल्याचे काँग्रेस ग्रंथालयाच्या २०१३च्या अहवालात नमूद आहे. इतक्या थोड्या सामग्रीवर कोणत्याही ‘पहिल्या’ची ग्वाही देणे धाडसाचे ठरते. शिवाय त्रिकोणी चौकट वेबर यांच्या आधी कोणीतरी वापरली होती हे सिद्ध झाल्याने ‘सस्पेन्स’चे महत्त्व तिळमात्र कमी होत नाही, कारण ते महत्त्व त्या चौकटीत कोणाला बसवले आणि कोणाच्या नजरेला उत्तर मिळाले यात आहे.

साहित्याच्या अभ्यासकाला या दहा मिनिटांत आणखी एक उपयुक्त सूत्र सापडते. रहस्यकथेपासून मनोविश्लेषणात्मक कादंबरीपर्यंत आपण उत्कंठेचा विचार बहुधा कथानकाच्या संदर्भात करतो. पुढे काय होणार, हा तिचा प्रश्न मानतो. ‘सस्पेन्स’चे कथानक १९१३ पर्यंत प्रेक्षकांच्या ओळखीचे झालेले होते. सुटका होणार हे त्यांना परंपरेने ठाऊक होते. तरीही जीव टांगणीला लागत असेल, तर ती टांगणी कथानकाच्या अनिश्चिततेची नाही. ती जाणूनही काही करता न येण्याची आहे. निवेदनात हे जाणणे कोणाच्या वाट्याला दिले आहे, कोणाला नाकारले आहे आणि कोणाच्या जाणण्याची निवेदनाला गरजच वाटली नाही, हे तपासल्यावाचून उत्कंठेची मीमांसा पुरी होत नाही. ‘सस्पेन्स’मध्ये ही तपासणी मोलकरणीपासून सुरू करावी लागते. किल्ली कोठे आहे हे तिला सर्वांच्या आधी ठाऊक होते.